आधी पाणी चाखायचं

"देवराव, तिकडची दारू कशी होती?"

कारंज्याच्या बाजारात मी दिसलो की आजही कोणी ना कोणी हे विचारतोच. विचारणाऱ्याचा जन्मसुद्धा त्या वेळी झालेला नसतो, पण त्याच्या बापानं त्याला सांगितलेलं असतं की हा माणूस जपानला जाऊन दारू पिऊन आला. मीही हसून म्हणतो, "फिक्कट होती बावा, पण नाकाले लय गोड." तेवढ्यावर त्यांचं समाधान होतं. हे उत्तर खोटं नाही, पण अर्धं आहे. आता माझं वय झालं, जीन बंद झालं, आणि दिवाळी अंकवाल्यांनी 'तुमच्या धंद्यातलं काही लिहा' म्हणून गळ घातली. तर उरलेलं अर्धं उत्तर लिहून टाकतो.

माझा धंदा काय होता ते सांगितलं की परगावची माणसं आधी हसतात. मी आयुष्यभर रुई ओढली. पिकवली नाही, कातली नाही, विकली नाही, नुसती ओढली. कापसातून सरकी वेगळी करण्याचा कारखाना म्हणजे जीन. सरकी गेली की उरते ती रुई. रुई दाबून गाठी बांधायच्या आणि गाठी गिरण्यांना पाठवायच्या. आता दूरदेशीचा गिरणीवाला काही प्रत्येक गाठ फोडून पाहू शकत नाही. तो मूठभर नमुना पाहून सौदा करतो. नमुन्यात आहे तेच गाठीत आहे, असं छातीला हात लावून सांगणारा एक माणूस मध्ये लागतो. त्याला आम्ही पारखी म्हणायचो.

पारखी चिमूटभर रुई घेतो, दोन्ही हातांच्या अंगठ्यांत आणि बोटांत धरतो आणि हळूच दोन भाग करतो. पुन्हा जुळवतो, पुन्हा ओढतो. असं करत करत धागे सरळ होतात आणि धागा लांब की आखूड, मजबूत की कच्चा, ते कळतं. लोकांना वाटतं हे डोळ्यांचं काम आहे. डोळ्यांना लांब धागे दिसतात, कारण ते मिरवतात. आखूड धागे मध्ये लपून बसतात. ओढताना ते आधी निसटतात आणि बोटांच्या शेंड्याला मुंगी सरकल्यासारखं वाटतं. ती मुंगी ज्याला कळली तो पारखी. बाकीचे नुसते कापूस चिवडणारे.

मला ही मुंगी दाखवली शब्बीरचाचांनी. उंच, पाठीत जरा वाकलेले, दाढी मेंदीनं रंगवलेली आणि खांद्यावर कायम चौकडीचा रुमाल. बाप मला लहानपणीच गेला होता. चाचांनी जिनात माझा हात धरला आणि पहिल्याच दिवशी सांगितलं, "डोये मिटून घे, देवा. डोये लबाड असतात. बोट खोटं नाही बोलत."

त्यांच्या जिभेलाही धार होती. एकदा आसेगावकडचा एक शेतकरी गाडी भरून कापूस घेऊन आला. वजन वाढावं म्हणून गाडीच्या तळाच्या कापसावर पाणी मारलेलं. चाचा गाडीजवळ गेले, वाकले, नाकानं एकदा वास घेतला आणि म्हणाले, "पाटील, बैल तहानले दिसून राह्यले. त्याईले पाजायचं सोडून कापसाले कायले पाजलं?" सगळा बाजार हसला. पण नंतर चाचांनीच त्याला बाजूला घेऊन चहा पाजला आणि ओला कापूस सुकवून दुसऱ्या दिवशी आणायला सांगितलं. माणसाची अब्रू काढायची आणि लगेच झाकायची, अशी त्यांची रीत होती.

आणखी एक गोष्ट सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. ती म्हणजे रुमाल. जुन्या बाजारात भाव तोंडानं बोलत नसत. घेणारा आणि देणारा समोरासमोर बसत, दोघांच्या हातांवर रुमाल टाकत आणि रुमालाखाली एकमेकांची बोटं धरून भाव सांगत. इतकी बोटं दाबली म्हणजे इतके, सगळा पंजा धरला म्हणजे अमुक. भोवती माणसं उभी असली तरी कोणाला काही कळायचं नाही. दाबायचं हलकेच, कारण जोर लावला की खांदा हलतो आणि भाव बाहेर पडतो. पुढे कायदा आला, उघडा लिलाव सुरू झाला. तरी जुन्या माणसांना रुमालाशिवाय सौदा केल्यासारखं वाटत नसे. चाचा तर चहा कोण पाजणार हेसुद्धा माझ्याशी रुमालाखाली ठरवायचे.

तर पन्नास ते साठच्या मधल्या एका हंगामात आमच्या जिनाच्या गाठी जपानला गेल्या आणि दोन-अडीच महिन्यांनी मुंबईच्या पेढीकडून निरोप आला: माल नमुन्यासारखा नाही, लांब धाग्यात आखूड धागा मिसळलेला आहे, गिरणी माल घ्यायला तयार नाही.

नमुन्याच्या खोलीत जिनाच्या मालकांनी, शेठजींनी, हे सांगितलं तेव्हा चाचा रुई ओढत होते. ते थांबले नाहीत. ओढता ओढताच म्हणाले, "तो माल मी पास केला हाये, शेठजी. माह्या बोटायनं. त्यात मिसळ निंगाली तर मी या जिनाची पायरी चढनार नाही."

शेठजी म्हणाले, "अहो चाचा, असं काहून बोलता?"

"बोललो ते बोललो."

शेठजींना चाचांचा भरवसा होता. त्यांचं म्हणणं पडलं की तिकडे गाठी फोडतील तेव्हा आपला माणूस समोर पाहिजे. चाचांनीच जावं असं त्यांनी सुचवलं. चाचा नको म्हणाले. वय झालं, जहाज सोसणार नाही, खाण्यापिण्याचे हाल होतील, अशी पाच कारणं दिली. मग माझ्याकडे वळले. "देवा, तू जाय. तू माह्याच हातचा हाये. समज, माहे हातच घेऊन चाल्ला."

तो माल पास झाला तेव्हा मी जिनात नव्हतो. बहिणीचे सासरे वारले म्हणून कामरगावला होतो. पण हे मला तेव्हा महत्त्वाचं वाटलं नाही. चाचांनी पास केला, मग मी असलो काय नि नसलो काय.

जहाजाचं वर्णन करत नाही. पोटात काही ठरत नव्हतं, एवढंच खरं. कोबे बंदरात उतरलो तेव्हा हाडं गोठवणारी थंडी होती. मुंबईच्या पेढीचे तिथले माणूस जयंतीभाई मला घ्यायला आले होते. गुजराती गृहस्थ, वर्षानुवर्षं तिथं राहिलेले, जपानी घडघडा बोलणारे आणि कांदासुद्धा न खाणारे. पुढचं सगळं बोलणं त्यांच्या तोंडून झालं.

शनिवारी गोदामात गाठी फोडल्या. गिरणीचा पारखी माझ्याच वयाचा होता. त्यानं एक चिमूट मला दिली, एक स्वतः घेतली. दोघांनी ओढली. पहिल्याच ओढीला माझ्या बोटाला मुंगी सरकली. दुसरी गाठ, तिसरी गाठ, सगळीकडे तेच. त्यानं धागे काळ्या मखमलीवर अंथरून ठेवले, लांबाच्या शेजारी आखूड. मग माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घातली. त्याला माझी दया येत होती, आणि ती मला उद्धटपणापेक्षाही जड गेली.

मी जयंतीभाईंना सांगितलं, उत्तर सोमवारी देतो. मनात उत्तर तयार होतं. चाचांचा हात चुकूच शकत नाही, म्हणजे गाठी वाटेत बदलल्या. मुंबईच्या बंदरात बदलल्या असतील, नाही तर इथं. सोमवारी सगळ्यांसमोर मी हेच बोलणार होतो. कोणावर आळ येतो याची मला पर्वा नव्हती. चाचांना जिनाची पायरी उतरावी लागू नये, एवढंच मला पाहायचं होतं.

मधल्या रविवारी गिरणीवाल्यांनी आम्हाला गाव दाखवायला गाडी पाठवली. भांडण चालू असताना पाहुणचार करायची त्यांची पद्धत पाहून मी चाटच पडलो. जयंतीभाई म्हणाले, "साके बनती है वहां ले जा रहे हैं. भात की शराब. ना मत कहना, बुरा मानते हैं."

मी काही दारूला शिवलो नव्हतो असं नाही. मोहाची एकदा घेतली होती, लग्नात, आणि दुसऱ्या दिवशी सासऱ्यासमोर जे ओकलो त्यानंतर नाव काढलं नव्हतं.

समुद्राच्या कडेला काळपट लाकडाची लांबच लांब कोठारं होती. दारावर झाडाच्या हिरव्या डहाळ्यांचा एक मोठा गोळा टांगलेला. दारात आमचा वाटाड्या उभा होता, ओकुदासान. 'सान' म्हणजे आपल्याकडचं 'राव'. वयानं चाचांएवढा, निळ्या जाड कापडाचा आखूड कोट, हात थंडीनं लाल. त्यानं कमरेत वाकून नमस्कार केला आणि आधी तो गोळाच दाखवला. नवी साके निघाली की हिरवा गोळा टांगायचा. जसजसा तो वाळून तपकिरी होतो तसतशी आतली साके मुरत जाते. रस्त्यानं जाणाऱ्याला न विचारता कळतं. आमच्याकडे दारूच्या दारावर काहीच टांगत नाहीत, तरी सगळ्या गावाला कळतं, हे मी बोललो आणि जयंतीभाईंनी ते भाषांतर करायला नकार दिला.

आत गेलो. शिजलेल्या भाताचा वास, त्याच्यामागून ओल्या लाकडाचा, आणि सगळ्यात शेवटी फार पिकलेल्या केळ्यांचा. ओकुदासाननं मुठीतून तांदूळ काढून माझ्या तळव्यावर ठेवले. साबुदाण्यासारखे गोल, छोटे. तांदळाचं वरचं अंग घासून घासून काढून टाकतात आणि फक्त पोट ठेवतात. माझ्या तोंडून निघून गेलं, "एवढा तांदूळ वाया?" तो म्हणाला, वाया नाही, त्या पिठाचे पापड होतात, पण साकेला बाहेरचं अंग चालत नाही, चव जड होते. मग तो भात वाफवायचा, उबदार खोलीत पसरून त्यावर मुद्दाम बुरशी धरवायची, मग विहिरीचं पाणी घालून उंच लाकडी पिंपात ठेवायचं. शिडीवर चढवून त्यानं मला एका पिंपात डोकवायला लावलं. वर पांढरा फेस होता आणि आतून बारीक बारीक आवाज येत होता, दूर कुठं तरी भाकरी फुगत असावी तसा. मी बराच वेळ शिडीवरच राहिलो. एवढ्या दिवसांत पहिल्यांदा मला गाठींचा विसर पडला होता.

शेवटी त्यानं आम्हाला चाखायच्या खोलीत नेलं. उत्तरेकडे एकच मोठी खिडकी. नमुन्याची खोलीही आम्ही उत्तरेच्या उजेडाचीच घेतो, कारण तो उजेड दिवसभर बदलत नाही. पाहताक्षणी मला ती खोली ओळखीची वाटली. टेबलावर पांढरे पेले ओळीनं मांडलेले. प्रत्येकाच्या तळाशी दोन निळी वर्तुळं, एकात एक. पांढऱ्यावर साकेचा रंग दिसतो आणि निळ्याच्या कडेवर तिचा गढूळपणा. कड धारदार दिसली तर साके स्वच्छ. आमच्या काळ्या मखमलीचंच काम. मी पेला उचलून वास घेऊ लागलो तर ओकुदासाननं हात आडवा केला आणि सगळ्या पेल्यांवर रुमाल टाकला.

"आधी पाणी," जयंतीभाई म्हणाले. "ये बोलते हैं, पहले पानी चखना है."

त्यानं पाण्याचे काही पेले पुढे ओढले. दिसायला सगळे सारखे. त्यातल्या एकात मिठाचा कण टाकलेला असतो, कोणत्या ते चाखणाऱ्याला माहीत नसतं. मला वाटलं हा पाहुण्यांसाठी खेळ असेल. मी चाखले आणि मीठ ओळखलं. त्यात शहाणपण काही नाही, आमच्या जिनाजवळची विहीर अशीच जराशी खारी आहे. पण मग ओकुदासाननं पाठ फिरवली, तिथल्याच एका कामगारानं पेले बदलले, आणि म्हाताऱ्यानं स्वतः एकेक पेला चाखला. मन लावून, कपाळावर आठी घालून. बरोबर पेला पुढे सरकवला, तेव्हाच साकेच्या पेल्यांवरचा रुमाल उचलला गेला.

ते मनात ठेवून मी चाखायला लागलो. आधी डोळा, मग नाक, मग जीभ. लहान घोट घ्यायचा, ओठ अर्धे उघडून सुर्र करून हवा आत ओढायची म्हणजे वास नाकात मागून चढतो. आमच्याकडे असा आवाज करत कोणी चहा प्यायला तर आई पाठीत धपाटा घालते. आणि मग थुंकायचं, एका उंच भांड्यात. हे मला जमेना. कोणाच्या घरात, त्यानं दिलेलं, त्याच्यासमोर थुंकायचं? ओकुदासान हसला आणि स्वतः आधी थुंकून दाखवलं. गिळलं तर पाचव्या पेल्यापर्यंत जीभ झोपते, म्हणाला.

पहिली साके रात्रभर ठेवलेल्या पेजेसारखी लागली, नुसती थंड. दुसरी चिंचोक्यासारखी तुरट, पण जाता जाता गोड होणारी. तिसऱ्या पेल्यात लाकूड होतं, नव्या पेटीचं झाकण उघडावं तसा वास. एक मला अजिबात आवडली नाही आणि त्यानं सांगितलं की तीच तिथली सगळ्यात महाग. एक त्यानं गरम पाण्यात भांडं ठेवून कोमट करून दिली. तीच साके थंड असताना गप्प होती, ऊब लागली तर बोलायला लागली. ती मात्र मी थुंकलो नाही. छातीपर्यंत उतरली आणि बोटांच्या शेंड्यांना ऊब आली. खरं सांगतो, मला फार आवडलं. त्या खिडकीशी, त्या म्हाताऱ्याशेजारी, आपल्यासारखंच बारीक काम करणाऱ्या माणसाच्या शेजारी बसणं आवडलं. मग त्यानं पेल्यांची जागा बदलली आणि आधी चाखलेल्या कोणत्या साकेशी कोणता पेला जुळतो, त्या जोड्या लावायला सांगितलं. माझ्या सगळ्या चुकल्या, एक सोडून. त्या एकीसाठी त्यानं पुन्हा कमरेत वाकून नमस्कार केला. जयंतीभाईंनी मात्र सबंध वेळ एका थेंबाला तोंड लावलं नाही. "मैं सिर्फ तर्जुमा करता हूं," म्हणाले.

निघताना मी ओकुदासानला विचारलं, तुम्ही तर इथले सगळ्यात जुने. रोज तुम्हालाही पाणी चाखावं लागतं?

तो म्हणाला, मला आधी. मग बाकीच्यांना.

का?

त्यानं सांगितलं. जयंतीभाई थांबत थांबत बोलत होते, त्यामुळे मला ते शब्दन् शब्द आठवतं. "जीभ जाती है तो जीभ को पता नहीं चलता. पास वाले को चलता है. पर पास वाला पूछे कैसे? वो तो चेला है. हमारे उस्ताद की जीभ बुखार में चली गई थी. किसी ने नहीं पूछा, अदब में. साल भर का माल बिगड़ गया, और उस्ताद शर्म से गांव छोड़ गए. तब से इस घर में रोज पूछते हैं, सबको. रोज पूछो तो किसी दिन का पूछना बेइज्जती नहीं लगता."

माझ्या हातात निळ्या वर्तुळांचा पेला होता. तो मी खाली ठेवला.

चाचांची विडी आठवली. मागच्या वर्षी ती बोटापर्यंत जळत यायची आणि मी म्हणायचो, "चाचा, टाका ती." ते म्हणायचे, "अरे, ध्यान नव्हतं." चहाची किटली ते फडक्याशिवाय उचलायचे आणि आम्ही त्यांच्या हिमतीचं कौतुक करायचो. बाजारात रुमालाखाली हात दिला की म्हणायचे, "आता कान बहिरे झाले बावा, कानातच सांग," आणि आम्ही हसायचो, कारण रुमालाचा कानाशी काय संबंध! आणि सगळ्यात वाईट आठवलं ते हे. दोन वर्षं झाली, चाचा नमुना आधी माझ्या हातात द्यायचे. "ओढ. बोल, कसा हाये?" मी बोलायचो आणि ते मान हलवायचे, "बराबर." मला वाटायचं उस्ताद माझी परीक्षा घेतात. छाती फुगायची माझी. ते माझी परीक्षा घेत नव्हते. माझी बोटं उसनी घेत होते. आणि ज्या एका मालाच्या वेळी मी शेजारी नव्हतो, कामरगावला होतो, तोच माल आज कोबेच्या गोदामात फुटला होता.

परत येताना गाडीत मी स्वतःचीच बोटं एकमेकांवर घासत बसलो. जयंतीभाईंना वाटलं, चढली.

सोमवारी मी उभा राहिलो आणि म्हणालो, गाठी बदललेल्या नाहीत. माल मिसळ आहे. मिसळ बाजारात झाली की जिनात ते ठाऊक नाही, पण आमच्याच हातून सुटली. गिरणीनं माल खालच्या प्रतीचा म्हणून ठेवून घेतला आणि गोष्ट तिथं मिटली. जयंतीभाई मागाहून म्हणाले, "थोडा लड़ते तो आधा बच जाता." मी म्हटलं, नसतं वाचलं. त्यांना मी मालाबद्दल बोलतोय असं वाटलं, मी चाचांबद्दल बोलत होतो.

पुढचं सांगून टाकतो. चाचांना अमरावतीच्या डॉक्टरकडे मी नेलं. महारोगाची सुरुवात निघाली. त्या काळी हे नाव लोक उंबऱ्याच्या आत घेत नसत. गोळ्या नव्या आल्या होत्या, त्यांनी आजार तिथंच थांबवला, बोटं शाबूत राहिली. पण गेलेला स्पर्श परत आला नाही. डॉक्टर म्हणाले, यांना दोन वर्षं आधी आणलं असतं तर आलाही असता. हे वाक्य मी आजवर कोणाला सांगितलं नव्हतं, चाचांनाही नाही.

चाचांनी शब्द पाळला. शेठजींनी घरी जाऊन हात जोडले तरी जिनाची पायरी चढले नाहीत. पण घरीही बसवेना. मग फाटकाबाहेर, कापसाच्या गाड्या लागतात तिथल्या कडुलिंबाखाली येऊन बसायला लागले. काहींनी त्यांच्या हातची विडी घेणं सोडलं. शेतकऱ्यांनी मात्र त्यांना सोडलं नाही. "चाचा, जरा नाक लावा हो," म्हणून गाडी त्यांच्यासमोर उभी करत, आणि चाचा वास घेऊन कापसाची आणि मालकाची दोघांची परीक्षा करत. शेवटपर्यंत त्यांचं नाक कधी चुकलं नाही.

आमच्या नमुन्याच्या खोलीत मी एक रीत पाडली. रोज सकाळी काम सुरू करायच्या आधी रुमालाखाली रुईच्या चिमट्या ठेवायच्या आणि प्रत्येकानं न पाहता, नुसतं ओढून, आखूड धाग्याची कोणती ते सांगायचं. मी आधी, मग बाकीचे. जीन बंद पडेपर्यंत हे चाललं. ओढायची रुई, पण सगळे त्याला 'पाणी चाखणं' म्हणत. नव्या माणसांना वाटायचं, हे कारंज्याचे लोक जरा वेडेच आहेत. माझी स्वतःची बोटं ज्या सकाळी चुकली, त्या सकाळी मी रुमाल घडी करून ठेवला आणि घरी आलो. कोणाला विचारावं लागलं नाही आणि मला लाज वाटली नाही.

पण या सगळ्याच्या आधीची एक दुपार राहिली आहे. मी जपानहून परत आलो ती.

चाचा नमुन्याच्या खोलीत खिडकीशी बसले होते. मी निळ्या वर्तुळांचा एक पेला त्यांच्यासमोर ठेवला. ओकुदासाननं निघताना हातात दिलेला. त्यांनी तो उजेडात फिरवून पाहिला.

"काय झालं तिकडे?"

"माल मिसळ होता, चाचा."

"तू ओढला?"

"मीच ओढला."

बाहेर जिनाचा पट्टा चालला होता. चाचा म्हणाले, "मंग मले काहून नाही समजलं?"

या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर होतं, पण ते सरळ सांगायचं नव्हतं. म्हणून मी त्यांना साकेची गोष्ट सांगितली. हिरवा गोळा, घासलेला तांदूळ, पिंपातला आवाज. थुंकायचं ऐकून ते खूप हसले. "थुंकाचीच होती तं तोंडात कायले घ्याची?" मग मी पाण्याचं सांगितलं. मिठाचा कण. ओकुदासानचा उस्ताद. हसणं हळूहळू थांबलं.

"रोज इचारते?"

"रोज."

"सगळ्यात मोठ्यालेही?"

"त्याले पह्यले."

चाचांनी पेला खाली ठेवला. खांद्यावरचा चौकडीचा रुमाल काढला, नीट झटकला, आपल्या उजव्या हातावर पसरला आणि तो हात माझ्यासमोर धरला.

"घे," म्हणाले. "इचार मले."

मी रुमालाखाली हात घातला. त्यांची दोन बोटं धरली आणि बाजारात दाबतात तशी हलकेच दाबली. त्यांचा हात हलला नाही. मी पुन्हा दाबली, थोडी जोरानं. मग मी सगळा पंजा माझ्या मुठीत घेतला आणि घट्ट धरून ठेवला.

चाचा माझ्या तोंडाकडे पाहत होते, सौद्याला बसलेला माणूस पाहतो तसे, डोळे बारीक करून.

जरा वेळानं म्हणाले, "दे ना बावा हात. कायची वाट पाहून राह्यला?"